उशिरा मिळालेले सुवर्णपदक

आमच्या साक्षरता वर्गात एक बोल आम्हाला नेहमी ऐकू येतो. पाटी हातात घेतली की कोणी तरी म्हणतेच, "गुरुजी, आता या वयात शिकून काय करायचं? जे व्हायचं ते लहानपणी. आता बोटं वळत नाहीत." आम्ही सारा जन्म शाळेत घालवला. त्यामुळे असे काही ऐकले की लगेच उपदेश करायची आम्हाला खोड आहे. पण आज उपदेश नको. आज एका बाईंची हकीकत सांगतो. बाई दूर देशातल्या आहेत. हकीकत मात्र खरी आहे. सावकाश वाचा. अडेल तो शब्द दोनदा वाचा.

युरोप खंडात स्पेन नावाचा देश आहे. त्या देशात ताहो नदीच्या काठी तालावेरा नावाचे गाव आहे. तिथले कुंभार मातीच्या भांड्यांवर निळी-पिवळी नक्षी काढतात. त्या भांड्यांसाठी गावाचे नाव आहे. याच गावात १६ सप्टेंबर १९८१ रोजी सांद्रा सांचेझ या मुलीचा जन्म झाला. आईबापांना वाटे, मुलीने नाच शिकावा. तिचा भाऊ कराटे शिकायला जाई. सांद्राला नाच नको होता. तिला भावाबरोबर जायचे होते. शेवटी मुलीचे म्हणणे खरे झाले. ती कराटे शिकू लागली.

कराटे म्हणजे काय, ते आधी पाहू. ही हातापायांनी लढण्याची विद्या आहे. ती जपानच्या ओकिनावा बेटावर वाढली. कराटे या शब्दाचा अर्थ आहे 'रिकामा हात'. हातात काठी नाही, तलवार नाही. आपले शरीर हेच शस्त्र.

कराटेच्या स्पर्धा दोन प्रकारच्या असतात. एका प्रकाराला कुमिते म्हणतात. त्यात दोघे समोरासमोर लढतात. दुसऱ्या प्रकाराला काता म्हणतात. कातामध्ये खेळाडू एकटाच असतो. समोर शत्रू आहे असे मनात धरून तो वार करतो, वार अडवतो, वळतो, उडी घेतो. आपल्याकडे दांडपट्टा खेळणारा गडी एकटाच पट्टा फिरवतो, तसेच काहीसे हे समजा. फरक इतकाच, की कातामधली प्रत्येक हालचाल ठरलेली असते. पाऊल कुठे पडायचे, मूठ कुठे थांबायची, हे आधीच ठरलेले. एक पाऊल चुकले, तोल गेला, की गुण गेले.

सांद्राने काता हा प्रकार धरला. एकच हालचाल शेकडो वेळा करायची. पुन्हा करायची. आपण 'क' गिरवतो ना, तसेच.

सांद्राबाई मोठ्या झाल्या. खेळात पुढे जायची वेळ आली. आणि तेव्हाच त्यांच्या आईला कर्करोग झाला. आता काय करावे? खेळ सोडावा, की आईला सोडावे? सांद्राबाई आईजवळ राहिल्या. राष्ट्रीय संघाची वाट मागे पडली.

इथे थोडे थांबू या. आपल्या वर्गात अशा किती बाया आहेत! कुणाची आई अंथरुणाला खिळली, कुणाला धाकट्या भावंडांना सांभाळावे लागले, आणि दप्तर खुंटीला लागले. त्यांनी काही वाईट केले का? मुळीच नाही. पण गेलेली वर्षे कोणी परत आणून देत नाही. सांद्राबाईंचेही तेच झाले. देशाच्या संघात जागा मिळायला पुढे कितीतरी वर्षे गेली. खेळाच्या जगात तिशी ओलांडली की लोक म्हणतात, "आता हिचं वय झालं."

पण एक गोष्ट त्यांनी केली नाही. त्यांनी सराव सोडला नाही. पुढे हेसूस देल मोराल नावाचे गुरू त्यांना लाभले. नंतर त्यांच्याशीच सांद्राबाईंचे लग्न झाले. दोघांनी मिळून सराव चालू ठेवला.

मग २०१५ साल उजाडले. तुर्कस्तानातल्या इस्तंबूल शहरात युरोपची अजिंक्यपद स्पर्धा होती. सांद्राबाई तेव्हा ३३ वर्षांच्या होत्या. ज्या वयात पुष्कळ खेळाडू घरी बसतात, त्या वयात त्यांनी तिथे सुवर्णपदक मिळवले. तेवढ्यावरच थांबल्या नाहीत. २०१५ पासून २०१९ पर्यंत दर साली युरोपचे पहिले पद त्यांनीच घेतले. सलग ५ वेळा!

जगाची स्पर्धा मात्र सोपी नव्हती. २०१६ साली ऑस्ट्रिया देशातल्या लिंझ शहरात त्यांना कांस्यपदक मिळाले, म्हणजे तिसरे स्थान. तिथे पहिल्या आल्या जपानच्या कियो शिमिझू. त्या २०१४ सालीही जगात पहिल्या आल्या होत्या. त्या सांद्राबाईंपेक्षा १२ वर्षांनी लहान. पुन्हा कराटे ही जपानचीच विद्या. तरी २०१८ साली माद्रिद शहरात, आपल्याच देशाच्या राजधानीत, सांद्राबाईंनी अंतिम फेरीत शिमिझूबाईंना हरवले आणि त्या जगज्जेत्या झाल्या.

आता राहिले ऑलिंपिक. ऑलिंपिक म्हणजे साऱ्या जगाचा खेळांचा मेळा. चार वर्षांनी एकदा भरतो. कराटेला तिथे आजवर कधी जागा नव्हती. २०२० साली जपानच्या टोकियो शहरात ती पहिल्यांदा मिळणार होती. सांद्राबाई तयार होत्या. आणि कोरोनाची साथ आली! मेळा एक वर्ष पुढे गेला. विशीतल्या खेळाडूला एक वर्ष म्हणजे काही नाही. पण चाळिशीला टेकलेल्या बाईंना एक वर्ष म्हणजे मोठा काळ. गुडघे वाट पाहत नाहीत. सांद्राबाईंनी आणखी एक वर्ष सराव केला.

५ ऑगस्ट २०२१ चा दिवस. टोकियोतले बुदोकान सभागृह. साथीमुळे प्रेक्षकांना बंदी. खुर्च्या रिकाम्या. अंतिम फेरीत एका बाजूला शिमिझूबाई, दुसऱ्या बाजूला सांद्राबाई. एकीने काता केला. मग दुसरीने केला.

आता गुण कसे देतात, ते समजून घ्या. त्या वेळी नियम असा होता. ७ पंच बसत. प्रत्येक पंच १० पैकी गुण देई. त्यांपैकी सर्वांत जास्त असे २ गुण आणि सर्वांत कमी असे २ गुण सोडून देत. मधल्या ३ पंचांचे गुण धरत. असे का? एखाद्या पंचाने आपल्या माणसाला वाढवून दिले, किंवा दुसऱ्याला मुद्दाम कमी दिले, तर ते गुण बाजूला पडावेत म्हणून. गुण दोन गोष्टींना देत. पवित्रा, वार, श्वास अशा कौशल्याला १०० पैकी ७० भाग वजन. ताकद, वेग, तोल यांना ३० भाग. सगळे मिळून जास्तीत जास्त ३० गुण होत.

शिमिझूबाईंना मिळाले २७.८८. सांद्राबाईंना मिळाले २८.०६.

हे आकडे पैशांत वाचा, म्हणजे सोपे जाईल. एकीकडे २७ रुपये ८८ पैसे. दुसरीकडे २८ रुपये ६ पैसे. फरक किती? १८ पैसे! एवढ्याशा फरकाने सोने स्पेनला गेले आणि रुपे जपानला. वाण्याच्या दुकानात १८ पैसे आपण मोजतही नाही. पण जन्मभराचा सराव तिथे त्या १८ पैशांत तोलला गेला.

त्याच वर्षी दुबईला सांद्राबाई पुन्हा जगज्जेत्या झाल्या. २०२२ साली त्यांनी स्पर्धांचा निरोप घेतला. त्यानंतर २०२४ साली पॅरिसला ऑलिंपिक भरले, पण त्यात कराटे नव्हते. म्हणजे संधी एकदाच आली. ती आली तेव्हा बाई तयार होत्या, ही खरी गोष्ट.

आता कोणी म्हणेल, "गुरुजी, त्या बाईंनी लहानपणापासून शिकलं होतं. आम्ही तर आत्ता सुरुवात केली." बरोबर आहे. खोटे आम्ही सांगणार नाही. सांद्राबाईंच्या झाडाला फळ उशिरा आले, पण रोप लहानपणीच लावलेले होते. आपले रोप आत्ता लावले आहे. आपल्याला कोणी सोन्याचे पदक देणार नाही. पण आपल्याला पदक कुठे हवे आहे? आपल्याला सातबारा वाचायचा आहे. एस. टी. ची पाटी वाचायची आहे. लेकीने लिहिलेले पत्र दुसऱ्याला न दाखवता स्वतः वाचायचे आहे. त्याला ३३ वर्षांचा सराव लागत नाही. रोज घटकाभर पुरे.

तेव्हा उद्या पाटी घेऊन या. 'वय झालं' हे वाक्य मात्र घरी ठेवून या.

हे करून पाहा

१. कराटे या शब्दाचा अर्थ काय?

२. सांद्राबाईंनी राष्ट्रीय संघाची वाट का सोडली? तुम्ही त्यांच्या जागी असता तर काय केले असते? आपसांत बोला.

३. २०२१ मधून १९८१ वजा करा. उत्तर ४० येते. पण ५ ऑगस्ट २०२१ रोजी सांद्राबाईंना ३९ वर्षेच पूर्ण झाली होती. असे का? त्यांची जन्मतारीख पुन्हा वाचा.

४. २८.०६ मधून २७.८८ वजा करून दाखवा.

५. 'माझा सराव' या विषयावर तीन ओळी लिहा. खाली आपली सही करा.