घरासाठी मैदान सोडणारे



रविवारी धर्मशिक्षणाचा वर्ग सुटला की आपली मुले चर्चच्या मागच्या मोकळ्या जागेत चेंडू घेऊन पळतात, हे आपण पाहतोच. त्यांतल्या बऱ्याच जणांच्या अंगात निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांची अर्जेंटिनाची जर्सी असते आणि पाठीवर दहा नंबर. मेस्सीचा. मागे एकदा आम्ही त्यांना सहज विचारले, मेस्सीच्या आधी हा नंबर कोणाचा होता? एकाने माराडोना म्हटले. ते अगदीच चुकीचे नव्हते, पण आम्हाला मधला माणूस हवा होता. त्याचे नाव हुआन रोमान रिकेल्मे.

२००६ साली जर्मनीत झालेल्या विश्वचषकात अर्जेंटिनाचा सगळा खेळ या रिकेल्मेच्या पायांतून निघत असे. उपांत्यपूर्व फेरीत यजमान जर्मनीने पेनल्टीवर त्यांना हरवले आणि पराभवाचे खापर बरेचसे त्याच्या डोक्यावर फुटले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, वयाच्या अवघ्या २८ व्या वर्षी, त्याने टीव्हीवर जाहीर केले की यापुढे आपण देशाच्या संघातून खेळणार नाही. कारण दिले ते आईचे. मुलावर होणारी टीका ऐकून तिची प्रकृती बिघडली होती, तिला दोनदा इस्पितळात न्यावे लागले होते. आईपेक्षा देशाची जर्सी मोठी नाही, असे त्याने ठरवले. पुढच्या वर्षी तो संघात परतला, कोपा अमेरिका स्पर्धेत खेळला, हेही सांगायला हवे. २००९ मध्ये तो पुन्हा बाहेर पडला तेव्हा कारण वेगळे होते, प्रशिक्षक माराडोनाशी त्याचे पटले नाही. दहा नंबर मेस्सीकडे गेला तो त्यानंतर.

मुलांनी हे ऐकून घेतले. मग त्यांतला एक मोठा मुलगा म्हणाला, "फादर, एवढं मिळत असताना कोणी सोडतं का?" आम्ही त्या वेळी काहीतरी उत्तर दिले, पण ते आमचे आम्हालाच पुरेसे वाटले नाही. म्हणून हा लेख.

अर्जेंटिना लांब राहिले. आपल्या मराठी घरातलेच उदाहरण घेऊ. राहुल द्रविड यांचा जन्म १९७३ चा, इंदूरचा. वाढले बेंगळुरूला, पण घरात मराठी. शिक्षण तिथल्या सेंट जोसेफ्स शाळेत, म्हणजे येशूसंघीय फादरांच्या हाताखाली. १६४ कसोटी सामने, १३,२८८ धावा, ३६ शतके. मार्च २०१२ मध्ये त्यांनी निवृत्ती घेतली तेव्हा ते ३९ वर्षांचे होते. त्या वयाला खेळाडू थांबतोच, त्यात विशेष काही नाही. आम्हाला विशेष वाटते ते २०१७ साल.

त्या वर्षी अनिल कुंबळे यांनी भारतीय संघाचे प्रशिक्षकपद सोडले. क्रिकेट मंडळाचा कारभार तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने नेमलेली समिती पाहत होती, विनोद राय तिचे प्रमुख. राय यांनी पुढे २०२२ मध्ये सांगितले की, या पदासाठी द्रविड यांच्याशी बोलणे झाले होते. द्रविड यांनी नकार दिला. घरी दोन मुलगे वाढत आहेत, इतकी वर्षे संघाबरोबर जगभर फिरलो, मुलांकडे लक्ष देता आले नाही, आता घरी वेळ द्यायला हवा, असा त्यांच्या सांगण्याचा आशय. मुले २००५ आणि २००९ साली जन्मलेली. म्हणजे त्या वेळी एक बाराच्या आसपासचा, दुसरा आठच्या.

भारतात क्रिकेटमध्ये यापेक्षा मोठी खुर्ची प्रशिक्षकाला नाही. ती नाकारून ते एकोणीस वर्षांखालील मुलांना शिकवत राहिले. २०१८ मध्ये त्यांच्या हाताखालच्या संघाने विश्वचषक जिंकला, त्याचा कर्णधार आपल्या विरारचा पृथ्वी शॉ होता. २०१९ मध्ये बेंगळुरूच्याच राष्ट्रीय क्रिकेट अकादमीची जबाबदारी त्यांनी घेतली. मोठे पद त्यांनी घेतले ते नोव्हेंबर २०२१ मध्ये, थोरला सोळाचा झाल्यावर. आणि २९ जून २०२४ रोजी बार्बाडोसमध्ये टी-ट्वेंटी विश्वचषक जिंकला त्या दिवशी ते ते पद सोडून निघाले. आपण पुन्हा अर्ज करणार नाही, हे आधीच सांगून झाले होते.

द्रविड यांना आम्ही संत ठरवत नाही. एकोणीस वर्षांखालच्या मुलांचे दौरेही असतातच, तिथेही घर सोडावे लागते. पण मुलाचे बारावे वर्ष एकदाच येते, प्रशिक्षकपद पुन्हा येऊ शकते, एवढा साधा हिशोब त्यांनी मांडलेला दिसतो. आपल्यापैकी बरेच जण तो उलटा मांडतात. मूल काय, घरी आहेच. संधी गेली तर परत येणार नाही.

सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना आम्हाला ॲरिस्टॉटल वाचावा लागला. बराचसा विसरलो. एक गोष्ट मात्र लक्षात राहिली. मैत्रीविषयी लिहिताना तो एका जुन्या म्हणीचा दाखला देतो, की दोन माणसांनी एकत्र बसून पुरेसे मीठ खाल्ल्याशिवाय ती एकमेकांना ओळखू लागत नाहीत. मीठ एका जेवणात कितीसे लागते? चिमूटभर. म्हणजे किती जेवणे एकत्र व्हायला हवीत, याचा विचार करा. बाप आणि मुलगा रक्ताने जोडलेले असतात, पण ओळख मिठानेच होते. आठ महिन्यांनी घरी आलेल्या बापाकडे लहान मूल कसे परक्यासारखे बघते, ते या गावात कोणाला सांगायला नको. नाझरेथच्या घरातली तीस वर्षे शुभवर्तमानात जवळजवळ कोरी आहेत. त्या तीस वर्षांत असे मीठच खाल्ले गेले असणार, असे आम्हाला नेहमी वाटते. पोप फ्रान्सिस हेही अर्जेंटिनाचे आणि फुटबॉलचे वेडे. ते तरुण आईबापांना नेहमी एकच विचारत, मुलांबरोबर खेळता का?

इथपर्यंत सगळे सोपे आहे. इथून पुढे अवघड आहे, कारण द्रविड 'नाही' म्हणू शकले ते त्यांच्यापाशी पुरेसे होते म्हणून. ज्याच्यापाशी नाही त्याने काय करायचे?

निकोलास बुर्दिसो हा अर्जेंटिनाचाच बचावपटू. २००४ मध्ये, २३ वर्षांचा असताना, तो इटलीच्या इंटर मिलान क्लबमध्ये गेला. पहिल्याच मोसमात त्याच्या लहान मुलीला रक्ताचा कर्करोग असल्याचे कळले. तो खेळ थांबवून मायदेशी परतला आणि उरलेला मोसम मुलीजवळ राहिला. क्लबने त्याला जाऊ दिले. मुलगी बरी झाली, तो परत आला आणि त्याच क्लबकडून पुढे इटलीची लीग जिंकला. ही गोष्ट आपण बापाच्या प्रेमाची म्हणून सांगतो. आम्हाला त्यातला क्लबही तितकाच महत्त्वाचा वाटतो. खेळाडू घेऊन सहा महिने झाले नाहीत तोच तो सुटी मागतो, आणि मालक ती देतो.

आता आपल्याकडचे बघा. १९७६ साली सुनील गावसकर न्यूझीलंडच्या आणि तिथून थेट वेस्ट इंडिजच्या दौऱ्यावर होते. २० फेब्रुवारीला इकडे मुलगा रोहन जन्मला. एप्रिलमध्ये पोर्ट ऑफ स्पेनला भारताने चौथ्या डावात ४०६ धावा करून कसोटी जिंकली, तिचे किस्से आमच्या वडिलांच्या पिढीने आम्हाला शंभरदा ऐकवले आहेत. त्या डावात गावसकरांचे शतक होते. शतक झाले तेव्हा घरातल्या बाळाला दोन महिनेही पुरे झाले नव्हते आणि बापाने ते अजून पाहिले नव्हते. दौरा संपवून परतल्यावर त्यांनी मुलाला पाहिले. त्या काळी असेच असे.

२०२० च्या डिसेंबरमध्ये विराट कोहली ॲडलेडची कसोटी संपवून पत्नीच्या बाळंतपणासाठी ऑस्ट्रेलियाहून परत आले. टीका झाली, पण मंडळाने रजा दिली आणि ते योग्यच झाले. अजिंक्य रहाणे यांनी मागे राहिलेल्या संघाला सांभाळून मालिका जिंकून दिली. त्याच संघाबरोबर सालेमजवळच्या चिन्नप्पमपट्टी गावचा टी. नटराजन होता. यंत्रमागावर काम करणाऱ्या बापाचा मुलगा. आयपीएलसाठी तो दुबईकडे असतानाच नोव्हेंबरमध्ये त्याला मुलगी झाली. तिथून त्याला थेट ऑस्ट्रेलियाला नेले, नेटमध्ये गोलंदाजी करायला म्हणून. मुलीला त्याने पाहिले ते जानेवारीत. एका संघाचे दोन नियम कसे, असे त्या वेळी स्वतः गावसकरांनी लिहिले. १९७६ मध्ये ज्याच्या वाट्याला ते आले होते, त्यानेच ते लिहावे, हे आम्हाला फार बरे वाटले.

आपल्या धर्मग्रामात कोहली नाहीत. नटराजन मात्र घरटी सापडतील. कोणी जहाजावर, कोणी कुवेतला, कोणी मुंबईला खोलीवर. कंत्राट सहा-आठ महिन्यांचे, मध्येच उतरलो तर पुढचे मिळेल की नाही याची धास्ती. त्यांना 'द्रविडसारखे घरी या' असे पुलपिटावरून सांगणे सोपे आहे. आम्ही ते पूर्वी सांगितलेही आहे. आता सांगणार नाही. घराचा हप्ता आणि मुलांच्या फीया आम्हाला भराव्या लागत नाहीत.

आणि बायकांचे काय? पुरुषाने घरासाठी खेळ सोडला की त्याची बातमी होते, आम्हीही त्यावर लेख लिहायला बसतो. शाळेत असताना जिल्ह्यापर्यंत खो-खो खेळलेल्या, लग्न ठरले तेव्हा बूट माळ्यावर टाकलेल्या बायका आपल्या बाकांवर दर रविवारी बसलेल्या असतात. त्यांना कोणी विचारले नाही की, बाई, सोडतेस का? ते धरूनच चालले होते. द्रविड मैदानावर असतानाची सगळी वर्षे त्यांचे घरही कोणीतरी सांभाळतच होते.

ज्यांना घरी येता येत नाही त्यांच्यासाठी आपल्याला काय करता येईल, याचा विचार करताना आमच्या लक्षात आले की या गोष्टीत आपण सगळेच नटराजन नाही. काही जण मंडळाच्या जागीही आहोत. आपल्यापैकी ज्यांच्या हापूसच्या कलमबागा आहेत, त्यांच्याकडे राखणीला नेपाळी गुरखे असतात. मोहोर आल्यापासून शेवटची पेटी भरेपर्यंत ते खोपटात राहतात. ज्यांच्या लाँचेस आहेत त्यांच्याकडे कर्नाटकातले, उत्तर प्रदेशातले खलाशी असतात. गेल्या वर्षी एप्रिलमध्ये आम्ही एका बागेत घर आशीर्वादायला गेलो होतो. बाहेर कलमाखाली गुरखा मोबाईल समोर धरून बसला होता, पडद्यावर तान्हे मूल. आम्ही विचारले, किती महिन्यांचे? त्याने बोटे दाखवली, तीन. पाहिलेस का? त्याने मोबाईलकडेच बोट दाखवले. मालक भला माणूस आहे. त्याने आम्हाला सरबत दिले आणि म्हणाला, "काय करणार फादर, ऐन सीझनला याला सोडला तर माकडं बाग खाऊन टाकतील." त्याचेही खोटे नाही. पण आठ दिवस दुसऱ्या कोणी राखण केली असती तर? शेजारच्या दोन बागांनी मिळून एक माणूस ठेवला असता तर? आम्ही हे तेव्हा त्याला विचारले नाही, सरबत पिऊन निघालो. आता लिहितो आहोत, तो वाचेलच.

आणि शेवटी आमचे स्वतःचे. मागच्या सणाच्या वेळी जहाजावरून सुटीला आलेला एक तरुण आमच्या हाताशी होता. कामाला वाघ. मंडप, दिवे, पावत्या, बँडवाले, सगळे त्याच्यावर सोडून आम्ही निर्धास्त. रोज संध्याकाळी सातला बैठक, ती साडेनऊपर्यंत चालायची. सण छान झाला, आम्ही वेदीवरून त्याचे नाव घेऊन आभार मानले. मिस्सानंतर त्याची बायको धाकट्याला कडेवर घेऊन आली. रागावलेली नव्हती. म्हणाली, "फादर, ते तीन महिन्यांसाठी आले होते. त्यातला एक तुम्हीच नेलात." आम्हाला काही बोलता आले नाही. परतीचे विमान चार दिवसांवर होते.

कुटुंबावर आम्ही वर्षातून चार तरी प्रवचने देतो.

तेव्हा पॅरिश कौन्सिलशी बोलून पुढीलप्रमाणे ठरवले आहे. मासेमारी बंद असते त्या जून आणि जुलै महिन्यांत संध्याकाळची एकही बैठक होणार नाही. जे ठरवायचे ते रविवारी मिस्सानंतर पायऱ्यांवर उभ्याने ठरवू, वीस मिनिटे पुरतात. सणाच्या कामांच्या यादीत सुटीवर आलेल्यांची नावे घालू नयेत, असे समूहप्रमुखांना कळवले आहे. कोणी स्वतःहून आला तर त्याला घरी विचारून यायला सांगू, आणि घरून हो आले तरी आठ वाजता सोडू. बागवाल्यांपैकी ज्यांना पुढच्या मोसमात राखणदारांच्या बदलीची काही सोय एकत्र करता येईल असे वाटते, त्यांनी पुढच्या रविवारी मिस्सानंतर थोडे थांबावे.