उशिरा आलेली देग

वलीम्याची वेळ दुपारी एकची. केटरर देग घेऊन आला अडीचला. पाहुणे ताटकळले, आपला संताप रास्तच. तरीही ठरलेल्या मजुरीतून परस्पर रक्कम कापू नका. करार पाळण्याची सूरह माइदाच्या पहिल्याच आयतीतील आज्ञा उभयतांना लागू आहे. उशिराबद्दलची कपात आधी ठरली नसेल, तर झालेले नुकसान त्याला सांगा आणि संमतीनेच रक्कम कमी करा. उरलेली मात्र रखडवू नका, घाम सुकण्यापूर्वी मजुरी द्यावी, ही प्रेषितांची (स.) शिकवण अशाच वेळी कसाला लागते.

बक्षिसाची गोष्ट निराळी. तो हक्क नव्हे, हदिया आहे. न दिल्यास गुनाह नाही. पण मालकाने एकाच दिवशी दोन कामे घेतली (हे आपण सहसा विचारतही नाही), त्यात वाढप्यांचा काय दोष? त्यांचे बक्षीस थेट त्यांच्याच हातावर ठेवा.