स्त्रीवेषातील नट

नारायण राजहंस हा बालक खानदेशात जळगावी मेहबूबखाँकडे गायन शिकला. १९०५ साली तो किर्लोस्कर नाटक मंडळीत गेला. हेच आपले बालगंधर्व! रंगभूमीवरील त्यांचे लुगडे नेसणे पाहून घरोघरच्या स्त्रिया तसे नेसू लागल्या. कुलीन स्त्रिया त्या काळी लोकनिंदेच्या भयाने नाटकात येत नसत, म्हणून ही कामे पुरुष करीत.

जपानात मात्र शासनाची आज्ञाच निघाली. तेथील ‘काबुकी’ हे नाट्य ओकुनी नावाच्या स्त्रीने १६०३ च्या सुमारास क्योतो नगरीत आरंभिले. त्याच काबुकीतून १६२९ साली स्त्रियांना घालवून देण्यात आले! पुढे स्त्रीचे सोंग घेणाऱ्या नटास ‘ओन्नागाता’ म्हणू लागले. मराठी रंगभूमीवर कालांतराने स्त्रिया आल्या. परंतु मुलांनो, काबुकीत ओकुनीची जागा अजूनही बहुधा पुरुषच घेतात.