नळीला गोधडी कशासाठी?

आपल्याकडे इंजिनपासून मागच्या टोकापर्यंत जे काही असतं त्या सगळ्याला ‘सायलेन्सर’च म्हणतात. खरं तर इंजिनच्या हेडमधून निघणारी वाकडी नळी वेगळी, गॅरेजवाले तिला बेंड पाइप म्हणतात. आमच्या फॉर्म्युला स्टुडंट टीममध्ये यंदा या नळीवर हीट रॅप, म्हणजे काचेच्या धाग्यांची विणलेली पट्टी, गुंडाळायचं काम माझ्याकडे आलं. ज्युनिअर मंडळींचा पहिलाच प्रश्न होता, “दादा, यानं नळी थंड राहते ना?”

नाही. उलट जास्त तापते. गोधडी पांघरलेला माणूस कधी गार पडतो का? आतली उष्णता बाहेर पडायची वाट अडवली, की धातूचं तापमान चढणारच. थंड राहतं ते नळीच्या शेजारचं सगळं. आमच्या गाडीत ड्रायव्हरच्या पाठीमागे फायरवॉल, तिच्या मागे पेट्रोलची टाकी, वायरिंग आणि इंजिन, सगळं हातभर जागेत कोंबलेलं. म्हणून हा खटाटोप.

थोडं गणित बघू. नळीचा पृष्ठभाग ५००° से. आहे आणि रॅपचा बाहेरचा पृष्ठभाग २००° से. राहिला असं धरा. केल्विनमध्ये ७७३ आणि ४७३. प्रारण तापमानाच्या चौथ्या घातावर अवलंबून असल्यामुळे बाहेर फेकली जाणारी उष्णता साधारण सात पटींनी कमी होते (एमिसिव्हिटी सारखीच धरली तर). आणि हीट ट्रान्सफरच्या पेपरात हमखास येणारी ती क्रिटिकल रेडियस इथे खरोखर कामाला येते. रॅपचा k ०.१ आणि h २० धरला, तर k/h येतो ५ मिमी. आमच्या नळीची त्रिज्या १९ मिमी, म्हणजे रॅप लावून उष्णता वाढण्याची भीती नाही. बारीक वायरवर मात्र हाच हिशोब उलटा पडू शकतो.

पॉवर वाढते का? गॅस गरम राहतो, त्यामुळे त्याचा वेग टिकतो हे खरं. पण त्यासाठी रॅप घेऊ नका, फरक जाणवण्याइतका मिळेलच असं नाही.

आता किंमत कशात मोजायची ते. साध्या माइल्ड स्टीलची नळी जास्त तापली की तिच्यावर ऑक्साइडचे पापुद्रे धरतात. त्यात पट्टीनं पावसाचं पाणी धरून ठेवलं, की आतून गंज लागतो आणि वरून दिसतही नाही. ३०४ स्टेनलेस बरं, पण तेही ४५० ते ८५० अंशांत फार वेळ राहिलं तर क्रोमियमचे कार्बाइड ग्रेन बाउंड्रीवर जमतात आणि गंजरोधकपणा कमी होतो.

सगळ्यात वाईट म्हणजे तेल. टेस्टिंगच्या आदल्या रात्री पोरांनी पट्टी भिजत घातली होती, आणि व्हॉल्व्ह कव्हरच्या गॅस्केटमधून थेंब थेंब ऑइल बरोबर नळीवर उतरत होतं. “एक थेंब तर आहे, उद्या बघू,” असा सूर निघाला. तेल प्यालेली पट्टी म्हणजे समईची वात, आणि खाली ५०० अंशांची नळी. ड्रायव्हर काय, टाकी काय, सगळं तिथेच. मी सरळ पट्टी बादलीतून काढून ठेवली. गॅस्केट बदललं, नळी थिनरनं पुसून पूर्ण वाळवली, मगच काम सुरू झालं. टेस्टिंग एक दिवस पुढे गेलं, टीम लीडर दोन दिवस बोलला नाही.

पट्टी किती लागते? नळीचं क्षेत्रफळ भागिले पट्टीची उपयोगी रुंदी. आमची नळी ३८ मिमी व्यासाची, ६०० मिमी लांब. पट्टी ५० मिमीची, ६ मिमी एकावर एक, म्हणजे उपयोगी ४४. उत्तर १.६३ मीटर. वाकणांसाठी थोडी जास्त धरून आम्ही दोन मीटर कापली.

हातमोजे, मास्क आणि पूर्ण बाह्यांचा शर्ट घाला, नाहीतर रात्रभर खाजवत बसाल. भिजवल्यानं धागे कमी उडतात आणि पट्टी वाळल्यावर घट्ट बसते. (काही पट्ट्या कोरड्याच लावायच्या असतात, पाकिटावरची सूचना वाचा.) सुरुवात नळीच्या खालच्या टोकाकडून करा. घरावर कौलं घालतात तसं, वरचा पदर खालच्यावर आला की पाणी आत शिरत नाही. वाकणाच्या आतल्या बाजूला पदर जास्त चढतो, तो चढू द्या. बाहेरच्या बाजूला मात्र ६ मिमी सुटता कामा नये. एक जण ताण धरेल, दुसरा फिरवेल. टोकांना स्टीलचेच टाय, प्लास्टिकचे नाहीत. ऑक्सिजन सेन्सर, स्प्रिंगचे जॉइंट आणि फ्लॅंज उघडे ठेवा. रस्त्यावरच्या बीएस-६ गाडीचा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर तर झाकूच नका.

पहिल्यांदा इंजिन चालू केलं की धूर येतो, पट्टीतलं बाइंडर जळत असतं. हे वर्कशॉपच्या बाहेर, मोकळ्यावर करा आणि फायर एक्स्टिंग्विशर हाताशी ठेवा. आमचा धूर पहिल्या रनमध्येच ओसरला. गार झाल्यावर टाय पुन्हा आवळले. आता जूनमध्ये पट्टी सोडून नळी तपासायची आहे. ते काम एसईच्या पोरांकडे दिलंय.