बुबुळाला जखम झाली तर पहिला दिवस वाया घालवू नका

"डोळ्यात कचरा गेलाय, उद्या बघू." कामावर जाणाऱ्या आपल्या माणसांचे हे नेहमीचे वाक्य. खाडा पडू नये म्हणून डोळा चोळत काम उरकायचे, रात्री मेडिकलमधून एखादा ड्रॉप आणायचा आणि दुखणे सहन होईनासे झाले की चौथ्या-पाचव्या दिवशी दवाखाना गाठायचा. बुबुळाच्या बाबतीत एवढा उशीर कायमची नजर घेऊन जाऊ शकतो.

बुबुळाचा दाह म्हणजे काय?

डोळ्याच्या काळ्या भागावर घड्याळाच्या काचेसारखा पारदर्शक पडदा असतो. त्याला कॉर्निया किंवा पारपटल म्हणतात. तो जेमतेम अर्धा मिलिमीटर जाड असतो. त्यात रक्तवाहिन्या नसतात, म्हणून तो स्वच्छ राहतो आणि उजेड आत जातो. या पडद्याला सूज आली की त्यास दाह म्हणतात. जखमेत जंतू वाढून खड्डा पडला की तो अल्सर. अल्सर बरा झाला तरी मागे पांढरा डाग राहू शकतो. यालाच आपल्याकडे 'डोळ्यात फूल पडणे' म्हणतात. फूल मधोमध पडले तर त्या डोळ्याने दिसणे कठीण होते.

कारणे

नाशिक भागात पहिले कारण म्हणजे कामावर होणारी इजा. निफाड, दिंडोरीकडे द्राक्षबागेत छाटणी करताना काडी लागते. सोयाबीन, भात किंवा मका काढताना पाते वा तूस डोळ्यात जाते. अशा झाडपाल्याच्या जखमेतून बुरशी शिरते, आणि बुरशीचा अल्सर बरा व्हायला आठवडेच्या आठवडे लागतात. सातपूर, अंबडच्या कारखान्यांत ग्राइंडिंगची ठिणगी किंवा लोखंडाचा कण बुबुळात रुततो. काच न लावता वेल्डिंग पाहिले तर काही तासांनी, बहुधा रात्री, डोळ्यांत वाळू भरल्यासारखे होते. हाही बुबुळाचाच दाह आहे.

काही वेळा इजा नसतानाही दाह होतो. नागिणीच्या जातीतला एक विषाणू बुबुळावर परत परत हल्ला करतो. मधुमेह असेल तर जखम लवकर भरत नाही. लहान मुलांत 'अ' जीवनसत्त्वाची कमतरता आणि गोवर यांमुळे बुबुळ कोरडे पडून विरघळू शकते. म्हणून नवव्या महिन्यात गोवर-रुबेलाच्या लसीसोबत आणि पुढे पाच वर्षांपर्यंत दर सहा महिन्यांनी मिळणारा 'अ' जीवनसत्त्वाचा डोस चुकवू नये. तो सरकारी आरोग्य केंद्रात मोफत मिळतो.

डोळे आले की बुबुळाला सूज?

साध्या डोळे येण्यात चिकट घाण येते, डोळा चुरचुरतो, पण घाण पुसली की नीट दिसते. बुबुळाच्या दाहात बहुधा एकच डोळा लाल होतो, ठणकतो, पाणी येते, उजेड सहन होत नाही आणि धूसर दिसते. चांगला डोळा झाकून दुखऱ्या डोळ्याने भिंतीवरचे कॅलेंडर पाहा. अक्षरे पुसट दिसली किंवा काळ्या भागावर पांढरा ठिपका दिसला, तर त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञांकडे जा.

पहिल्या दिवसाचे मोल

नेपाळमधल्या भक्तपूर जिल्ह्यात गावच्या स्वयंसेवकांनी बुबुळ खरचटलेल्या ४४२ जणांना तीन दिवस साधे प्रतिजैविक मलम दिले. हा अभ्यास २००१ साली प्रसिद्ध झाला. जखमेनंतर १८ तासांच्या आत मलम सुरू झालेल्यांपैकी एकालाही अल्सर झाला नाही. २४ ते ४८ तासांनी आलेल्या ४९ जणांपैकी मात्र १४ जणांना झाला. औषध एकच होते, फरक फक्त वेळेचा होता.

उपचार

डॉक्टर डोळ्यात एक रंग टाकून निळ्या उजेडात जखम पाहतात. गरज वाटल्यास जखमेवरचा थोडा अंश खरवडून तपासणीला पाठवतात. जिवाणू असतील तर प्रतिजैविक थेंब सुरुवातीला दर तासाला, रात्रीही घालावे लागतात. बुरशीला नाटामायसिन, विषाणूला असायक्लोव्हिर, अशी औषधे वेगवेगळी आहेत. म्हणून शेजाऱ्याचा ड्रॉप आपल्याला चालत नाही. दुखणे थांबले तरी डॉक्टर सांगेपर्यंत औषध बंद करू नये. फूल पडून नजर गेली तर बुबुळाचे रोपण करता येते. त्यासाठीचे बुबुळ फक्त नेत्रदानातून मिळते आणि मृत्यूनंतर सहा तासांच्या आत ते काढावे लागते.

हे करा, हे टाळा

डोळ्यात कचरा गेला तर चोळू नका, स्वच्छ पाण्याने धुवा. रुतलेला कण सुईने, रुमालाच्या टोकाने किंवा जिभेने काढू देऊ नका. मध, दूध, एरंडेल, झाडपाल्याचा रस घालू नका. चुना किंवा अॅसिड उडाले तर आधी निदान वीस मिनिटे वाहत्या पाण्याखाली डोळा उघडा धरून धुवा, मगच दवाखान्यात न्या. चुन्याची पुडी मुलांच्या हाती लागू देऊ नका. मेडिकलमधला स्टेरॉइडचा ड्रॉप चिठ्ठीशिवाय कधीही घेऊ नका. त्याने लाली उतरते, बरे वाटते आणि आत बुरशी वाढत राहते.

नाशिकच्या जिल्हा शासकीय रुग्णालयात नेत्रविभाग आहे. शस्त्रक्रियेची वेळ आली तर महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेबद्दल रुग्णालयातील आरोग्यमित्राला विचारा. शिधापत्रिका आणि आधार कार्ड सोबत ठेवा. योजनेचा मोफत दूरध्वनी क्रमांक १५५३८८ आहे.

ग्राइंडिंग, वेल्डिंग आणि छाटणी करताना चष्मा लावा. मालक देत नसेल तर तो मागा, चौघांनी मिळून मागा. घरातल्या कुणी "उद्या बघू" म्हटले, तर त्याला त्याच दिवशी डॉक्टरकडे घेऊन जा. एका दिवसाचा खाडा भरून निघतो, गेलेली नजर सहसा परत येत नाही.