चालताना पोटरी धरते? दुर्लक्ष करू नका

आठवडी बाजाराला निघालेला चाळिशीचा माणूस अर्धा किलोमीटर चालला की थांबतो. पोटरीत गोळा आल्यासारखे दुखते. झाडाखाली दोन-चार मिनिटे उभे राहिले की दुखणे जाते. पुन्हा तेवढेच अंतर चालले की पुन्हा तेच. ‘वात आहे’ म्हणून तेल चोळले जाते, पुजाऱ्याकडे जाणे होते आणि पाच-सहा महिने निघून जातात. मग एके दिवशी अंगठ्याची जखम भरेनाशी होते व बोट काळे पडू लागते. चंद्रपूर-गडचिरोलीसारख्या जिल्ह्यांत बहुतेक पोट हातापायांवर भरते. येथे पाय गमावणे म्हणजे घराचा कमावता आधार गमावणे होय. म्हणून आज रक्तवाहिन्यांच्या आजारांची माहिती करून घेऊ.

रोहिणी आणि नीला

हृदयाकडून शुद्ध रक्त अवयवांकडे नेणाऱ्या नळ्यांना रोहिणी म्हणतात. रक्त परत हृदयाकडे आणणाऱ्या त्या नीला. रोहिणीच्या आतील अस्तरावर वर्षानुवर्षे चरबीचा थर साचतो, भिंत कडक होते आणि वाट अरुंद होते. बसून असताना स्नायूला थोडे रक्त पुरते. चालताना त्याची गरज अनेक पटींनी वाढते, तेवढे रक्त मिळत नाही आणि पोटरी दुखू लागते. विश्रांतीने दुखणे थांबते ते याच कारणाने. तंबाखू, मधुमेह, वाढलेला रक्तदाब व रक्तातील चरबी ही याची मुख्य कारणे. हा प्रकार साधारणपणे पन्नाशीनंतर आढळतो.

दुसरा प्रकार तरुणांचा. १९०८ साली न्यूयॉर्कचे डॉ. लिओ बर्गर यांनी त्याचे सविस्तर वर्णन केले, म्हणून त्याला बर्गरचा रोग म्हणतात. यात हातापायांच्या लहान रोहिणींना सूज येते व आत रक्ताच्या गाठी होऊन त्या बंद पडतात. रुग्ण बहुधा पंचेचाळिशीच्या आतले पुरुष असतात आणि जवळजवळ सर्वच तंबाखूचे व्यसनी असतात. आपल्याकडे उन्हाळ्यात तेंदूपाने तोडून अनेक घरांत पैसा येतो. पण त्याच पानाची विडी या रोगाचे मोठे कारण आहे. विडी सिगारेटपेक्षा सौम्य असते, हा समज चुकीचा आहे. खर्ऱ्यातील तंबाखूतही निकोटीन असतेच आणि ते रक्तवाहिन्या आकुंचित करते.

निदान कसे होते?

डॉक्टर प्रथम पावलाच्या वरच्या बाजूला व आतल्या घोट्याच्या मागे नाडी पाहतात. ती लागत नसेल, पाऊल थंड असेल, पायावरचे केस गळाले असतील तर शंका बळावते. मग घोट्याजवळचा रक्तदाब मोजून त्याला दंडाच्या रक्तदाबाने भागतात. उत्तर साधारण १ किंवा थोडे जास्त आले तर ठीक. ०.९ पेक्षा कमी आले तर वाट अरुंद झाली आहे असे समजावे. मधुमेहींच्या रोहिणी कडक झाल्याने हा आकडा फसवा असू शकतो. डॉपलर सोनोग्राफीने अडथळा नेमका कोठे आहे ते कळते. शस्त्रक्रिया करायची असेल तर अँजिओग्राफी करतात.

कमरेतील शीर दबल्यानेही चालताना पाय दुखतात, पण ते दुखणे नुसते उभे राहून जात नाही. बसावे किंवा वाकावे लागते. हा फरक डॉक्टरांना अवश्य सांगावा.

उपचार

पहिले औषध म्हणजे तंबाखू पूर्ण बंद करणे. ‘दिवसातून दोनच’ हा हिशेब येथे चालत नाही. बर्गरच्या रोगात विडी सुटली तर पाय कापण्याची वेळ बहुधा टळते. सुरू राहिली तर चांगली औषधेही अपुरी पडतात. दुसरे औषध चालणे. दुखेपर्यंत चालावे, थांबावे, पुन्हा चालावे, असे अर्धा-पाऊण तास, आठवड्यातून किमान तीन दिवस. तीन महिन्यांत बहुतेकांचे न थांबता चालण्याचे अंतर वाढते. पायाला जखम असेल किंवा बसूनही दुखत असेल तर मात्र हा व्यायाम आधी विचारूनच करावा. रक्ताची गाठ होऊ न देणारी व चरबी कमी करणारी औषधे डॉक्टरांच्या सल्ल्याने रोज घ्यावी लागतात. मोठ्या रोहिणीतील अडथळा फुग्याने रुंद करता येतो किंवा बायपास करता येतो. बर्गरच्या रोगात बारीक रोहिणी बंद झाल्याने हे क्वचितच जमते.

थंड पडलेला पाय शेकोटीवर किंवा गरम पाण्याने शेकू नये. बधिर पायाला भाजल्याचे कळत नाही व ती जखम भरत नाही. अनवाणी फिरू नये. कुरूप ब्लेडने कापू नये.

तातडीच्या खुणा

पाय अचानक पांढरा, थंड, बधिर झाला व असह्य दुखू लागला तर रोहिणीत गाठ अडकली आहे असे समजावे. अशा वेळी सहा तासांच्या आत उपचार मिळाले तर पाय वाचण्याची आशा मोठी असते. रात्री पाय दुखून तो खाटेखाली लोंबकळत ठेवावासा वाटणे, हीदेखील धोक्याची सूचना आहे. एकच पाय सुजून दुखत असेल तर नीलेत गाठ असू शकते. तो चोळू नये, कारण गाठ सुटून फुप्फुसात जाऊ शकते.

मेंदूच्या रक्तवाहिन्या

पायात घडते तेच मेंदूत घडले की लकवा होतो. गडचिरोलीच्या शोधग्राममधील ‘सर्च’ संस्थेने जिल्ह्यातील ८६ गावांचा अभ्यास २०१५ साली प्रसिद्ध केला. त्यात मृत्यूचे सर्वांत मोठे कारण लकवा हेच आढळले. सुमारे दर सात मृत्यूंमागे एक. हा शहरी, श्रीमंतांचा आजार आहे ही समजूत त्यामुळे खोटी ठरली.

तोंड वाकडे होणे, एक हात उचलता न येणे, बोबडी वळणे, यांपैकी काहीही दिसले तर लगेच १०८ ला फोन करावा. गाठ विरघळवणारे इंजेक्शन साडेचार तासांच्या आत द्यावे लागते. त्याआधी सीटी स्कॅन हवा, कारण काही लकवे रक्तस्रावाने होतात. म्हणून घरी अ‍ॅस्पिरिन देऊ नये.

भामरागड किंवा सिरोंच्याहून गडचिरोली दीडशे किलोमीटरहून दूर आहे. पावसाळ्यात नाल्यांना पूर आला की वाट आणखी लांबते. तेव्हा आपल्याकडे खरा उपचार आधीच करायचा असतो. तिशी ओलांडलेल्या प्रत्येकाने जवळच्या आरोग्य केंद्रात रक्तदाब व साखर तपासून घ्यावी. रक्तदाब १४०/९० किंवा त्याहून अधिक येत राहिला तर गोळी सुरू करण्याबाबत डॉक्टरांना विचारावे. ‘बरे वाटते’ म्हणून ती स्वतः बंद करू नये, कारण वाढलेला रक्तदाब बहुधा दुखत नाही. आणि चालताना पोटरी धरत असेल तर पुढच्या बाजाराच्या दिवशी आरोग्य केंद्रात जाऊन पायाची नाडी तपासून घ्यावी.