घराचा हप्ता आणि घराची खरी किंमत : मंद्रूपकडून परदेशी आलेल्यांसाठी

मंद्रूप, निंबर्गी, कंदलगाव, भंडारकवठे या गावांतली मुलं आता सोलापुरात शिकतात, पुण्यात किंवा बंगळुरात नोकरी धरतात आणि तिथून अमेरिका, इंग्लंड, कॅनडा, जर्मनी, ऑस्ट्रेलियाला जातात. आपल्या भागात घर बांधायची रीत ठरलेली आहे. आधी जागा घ्यायची, उसाचं बिल आलं की पाया काढायचा, पुढच्या हंगामात भिंती, मग स्लॅब. वरचा मजला धाकट्याच्या लग्नाआधी होतो. कर्ज असतं ते सोसायटीचं पीककर्ज किंवा नातेवाइकांकडून घेतलेले हातउसने. दोन्ही थोड्या मुदतीचे. त्यामुळे तीस वर्षं चालणारं कर्ज आपल्या घरात आधी कुणी पाहिलेलं नसतं आणि त्याचा हिशेब शिकवणारंही कुणी नसतं.

पंधरा-वीस वर्षं परदेशात राहून कर्ज फेडलेल्या किंवा फेडत असलेल्या मराठी कुटुंबांचं या बाबतीतलं सांगणं इथे एकत्र केलं आहे. सगळ्यांचा सूर एकच आहे : हप्ता परवडतो म्हणून घर घेऊ नका, शेवटपर्यंत एकूण किती पैसे जाणार ते लिहून काढा आणि मग ठरवा.

१. दराइतकीच मुदतही पाहा

गावाकडे व्याज शेकड्यानं सांगतात. शेकडा दोन म्हणजे शंभराला महिन्याला दोन रुपये. अमेरिकेतला वर्षाला ६.५ टक्के दर या पद्धतीनं मांडला तर शेकडा ५४ पैसे होतो. ऐकायला तो अगदी स्वस्त वाटतो. पण शेकडा दोननं घेतलेले एक लाख वर्षानं परत केले तर व्याज २४,००० होतं. तेच एक लाख ६.५ टक्क्यांनी तीस वर्षांच्या हप्त्यांत फेडले तर व्याज १,२७,५४४ होतं. दर पावपटीच्या आसपास आणि व्याज पाचपटीहून जास्त. हा सगळा फरक मुदतीचा आहे. म्हणून कर्ज देणारा दराबद्दल बोलू लागला की तुम्ही मुदतीबद्दल विचारा.

२. एक पूर्ण उदाहरण

अमेरिकेत ५ लाख डॉलरचं घर, १ लाख स्वतःचे, ४ लाखांचं कर्ज, दर ६.५ टक्के, मुदत ३० वर्षं.

महिन्याचा हप्ता २,५२८ डॉलर. एकूण फेड ९,१०,१७८ डॉलर. त्यातलं व्याज ५,१०,१७८, म्हणजे मुद्दलापेक्षा जास्त.

पहिल्या हप्त्यातले २,१६७ डॉलर व्याजात जातात आणि मुद्दल फक्त ३६२ नं उतरतं. पाच वर्षांत तुम्ही सुमारे १,५१,७०० डॉलर भरता, पण मुद्दल जेमतेम २५,५०० नं कमी होतं. हप्त्यातला निम्म्याहून जास्त भाग मुद्दलात जायला विसावं वर्ष उजाडावं लागतं. नोकरी बदलून चार-पाच वर्षांत गाव सोडण्याची शक्यता असेल तर हे आकडे दोनदा वाचा. इतक्या थोड्या काळात बँकेचं व्याज, घर घेतानाचा खर्च आणि विकतानाचं कमिशन वजा केलं तर हातात फारसं उरत नाही.

आता हेच कर्ज त्याच दरानं १५ वर्षांचं घेतलं तर हप्ता ३,४८४ होतो आणि व्याज २,२७,१९७. महिन्याला ९५६ डॉलर जास्त भरून जवळपास २,८३,००० डॉलर वाचतात.

एवढा मोठा हप्ता झेपत नसेल तर कर्ज ३० वर्षांचंच घ्या, पण पहिल्या महिन्यापासून २०० डॉलर जास्त भरा. कर्ज साडेपाच वर्षांहून अधिक आधी फिटतं आणि सुमारे १,१२,००० डॉलर व्याज वाचतं. नोकरी गेली तर हे जादाचे २०० थांबवता येतात, हा या मार्गाचा मोठा फायदा. मात्र जादा रक्कम मुद्दलात जमा करावी असं बँकेला स्पष्ट कळवा आणि पुढच्या पत्रकात ती तशी धरली आहे का ते तपासा.

३. हप्त्याबाहेरचा खर्च

हप्त्यात बँकेचे पैसे फिटतात. घराचे वेगळे लागतात. त्याच उदाहरणात घरपट्टी वर्षाला २ टक्के धरली तर १०,००० डॉलर होते. टेक्सससारख्या राज्यात एवढी घरपट्टी असू शकते, काही राज्यांत बरीच कमी. विमा वर्षाला २,००० आणि दुरुस्ती किमतीच्या १ टक्का म्हणजे ५,००० धरू. छप्पर, घर गरम ठेवणारी भट्टी, पाण्याचा हीटर हे कधी ना कधी बदलावंच लागतं. घर घेतानाचे कागदपत्रांचे खर्च १२,००० धरू.

तीस वर्षांत घरपट्टी ३ लाख, दुरुस्ती दीड लाख, विमा ६०,०००, आणि हे सगळं अजिबात महाग होणार नाही असं धरून. त्यात फेडलेले ९,१०,१७८, स्वतःचे १ लाख आणि सुरुवातीचे १२,००० मिळवा. बेरीज १५,३२,१७८ डॉलर. पाच लाखांच्या घरासाठी पंधरा लाखांहून जास्त. वसाहतीची वर्गणी असेल तर ती याच्यावर.

या आकड्यानं घाबरून घर घेऊच नये असा अर्थ नाही. तेवढी वर्षं भाडं भरलं असतं तर तेही गेलंच असतं, आणि ते दर वर्षी वाढतं. दर पक्का असेल तर हप्ता स्थिर राहतो, पगार वाढतो, तीस वर्षांनंतरच्या डॉलरची किंमत आजच्याइतकी नसते आणि शेवटी घर तुमचं होतं. हे सगळं खरं आहे. म्हणूनच तुलना करताना एका बाजूला भाडं आणि दुसऱ्या बाजूला हप्ता अधिक घरपट्टी, विमा, दुरुस्ती असं मांडा. नुसत्या हप्त्याशी भाड्याची तुलना केली की माणूस फसतो.

४. देशानुसार काय विचारावं

अमेरिका : अर्ज दिल्यावर तीन कामाच्या दिवसांत बँकेनं ‘लोन एस्टिमेट’ द्यावं लागतं आणि व्यवहाराच्या किमान तीन कामाचे दिवस आधी ‘क्लोजिंग डिस्क्लोजर’. लोन एस्टिमेटच्या तिसऱ्या पानावर पाच वर्षांत किती भराल, किती मुद्दल फिटेल आणि एकूण व्याज कर्जाच्या किती टक्के हे छापलेलं असतं. वरच्या उदाहरणात हा शेवटचा आकडा १२७ टक्क्यांच्या वर जाईल. सही करण्याआधी हे पान घरातल्या दोघांनी मिळून वाचावं. स्वतःचा वाटा २० टक्क्यांपेक्षा कमी असेल तर बँकेच्या संरक्षणासाठीचा विमा तुमच्याकडून घेतला जातो. १९९८ च्या कायद्यानं हप्ते वेळेवर भरणाऱ्याला कर्ज मूळ किमतीच्या ८० टक्क्यांवर आल्यावर तो बंद करण्याची मागणी करता येते. ती तारीख आधीच काढून ठेवा.

रिफायनान्सबद्दल जुनी कुटुंबं कळकळीनं सांगतात. सात वर्षं फेडलेलं कर्ज कमी दरानं पुन्हा ३० वर्षांचं केलं की हप्ता उतरतो, पण फेड ३७ वर्षांवर जाते. नवं कर्ज उरलेल्या २३ वर्षांचं किंवा त्याहून कमी मुदतीचं मागा.

इंग्लंड : दर बहुधा दोन किंवा पाच वर्षांसाठीच पक्का असतो. ती मुदत संपली आणि नवा करार केला नाही तर बँकेच्या बदलत्या, सहसा महाग दरावर कर्ज जातं. मुदत संपायच्या सहा महिने आधी चौकशी सुरू करा. लीजहोल्ड फ्लॅट असेल तर लीजची किती वर्षं उरली आणि सर्व्हिस चार्ज गेल्या काही वर्षांत कसा वाढला, हे विचारा. ३० जून २०२२ पासूनच्या बहुतेक नव्या लांब मुदतीच्या लीजवर जमीनभाडं नाममात्र असतं. जुन्या लीजवर ते राहू शकतं.

कॅनडा : फेड साधारण २५ वर्षांची, पण करार बहुधा पाच वर्षांचा. करार मध्येच मोडला तर तीन महिन्यांचं व्याज किंवा तुमच्या करारातल्या आणि बँकेच्या सध्याच्या दरातल्या फरकाची रक्कम, यांतलं जे जास्त ते भरावं लागू शकतं. हा दंड कसा मोजतात ते बँकेकडून लिहून घ्या.

जर्मनी : घराच्या किमतीवर राज्यानुसार ३.५ ते ६.५ टक्के खरेदीकर लागतो, शिवाय नोटरी आणि नोंदणी. हा पैसा बहुतेकांना स्वतःच्या बचतीतूनच घालावा लागतो. पक्क्या दराचं कर्ज दहा वर्षं झाल्यावर सहा महिन्यांची पूर्वसूचना देऊन दंडाशिवाय फेडता येतं.

ऑस्ट्रेलिया : ऑफसेट खातं मिळतं का विचारा. त्यात ठेवलेली बचत कर्जातून वजा धरून उरलेल्यावरच व्याज लागतं, आणि पैसा तुमच्या हाताशीच राहतो.

बदलता दर किती हलू शकतो हे अलीकडेच दिसलं. इंग्लंडच्या मध्यवर्ती बँकेचा दर डिसेंबर २०२१ मध्ये ०.१ टक्का होता, ऑगस्ट २०२३ मध्ये ५.२५ झाला. कॅनडात मार्च २०२२ ते जुलै २०२३ मध्ये तो ०.२५ वरून ५ वर गेला. दर तीन टक्क्यांनी वाढला तर हप्ता झेपेल का, हे कर्ज घेण्याआधीच करून पाहा.

५. गावाकडचं घर

परदेशात घर झालं की सोलापुरात फ्लॅट किंवा मंद्रूपला बंगला घ्यायची इच्छा होते. आई-वडिलांसाठी ती योग्यच आहे. पण दोन देशांतली दोन कर्जं एकाच पगारावर उभी राहतात, म्हणून गावाकडच्या घराचा हिशेब वेगळा करा.

३० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के, २० वर्षं : हप्ता २६,०३५ रुपये, एकूण व्याज सुमारे ३२ लाख ४८ हजार. तेच ३० वर्षांचं केलं तर हप्ता फक्त तीन हजारांनी कमी होतो, व्याज मात्र ५३ लाखांवर जातं. १० वर्षांचं केलं तर हप्ता ३७,१९६ आणि व्याज साडेचौदा लाखांच्या आसपास.

भारतात बहुतेक गृहकर्जांचा दर बदलता असतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ वरून ६.५ टक्के झाला. त्याआधी ३० लाख ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलेल्याचा हप्ता २३,२५९ होता. दर ९.५ झाल्यावर नुसतं व्याजच महिन्याला २३,७५० होतं. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज वाढत राहील. अशा वेळी बँका हप्ता तोच ठेवून मुदत लांबवतात, आणि परदेशातून आपोआप पैसे वळते होत असले की ते लक्षातही येत नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं सांगितलं की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, याचा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. दर वर्षी एप्रिलमध्ये पत्रक मागवा आणि किती हप्ते उरले ते पाहा. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी फेड केल्यास दंड लागत नाही, त्यामुळे बोनस आला की मुद्दलात घाला. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर सगळे खर्च धरून वार्षिक दर दाखवणारं ‘की फॅक्ट्स स्टेटमेंट’ मिळतं. बँकांची तुलना त्यावरूनच करा.

जागेबद्दल एक कायदा पक्का लक्षात ठेवा. परदेशात राहायला गेलेल्या भारतीयाला, पासपोर्ट भारतीय असला तरी, शेतजमीन, फार्महाउस किंवा मळ्याची जमीन विकत घेता येत नाही. वडिलोपार्जित शेत वारसानं येऊ शकतं. सोलापूर-विजयपूर रस्त्याच्या कडेला प्लॉट दाखवला तर आधी सात-बारा आणि बिनशेतीची कागदपत्रं पाहा. बिनशेती नसलेला तुकडा शेतजमीनच धरला जाऊ शकतो, आणि त्यावर बँकेचं गृहकर्जही सहसा मिळत नाही. भावाला किंवा वडिलांना मुखत्यारपत्र द्यायचं तर फक्त त्या व्यवहारापुरतं द्या, आणि ते भारतात पोचल्यावर तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरून घ्या.

कर्ज पूर्ण फिटलं की ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत देणं बँकेवर बंधनकारक आहे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. डिसेंबर २०२३ पासून हा नियम लागू आहे.

६. सही करण्याआधी

एका कागदावर या सात ओळी लिहा : कर्ज किती, शेवटपर्यंत एकूण फेड किती, त्यात व्याज किती, पाच वर्षांनी मुद्दल किती उरेल, वर्षाची घरपट्टी-विमा-दुरुस्ती किती, दर तीन टक्क्यांनी वाढला तर हप्ता किती, मुदतीआधी फेडल्यास दंड किती. एखादी ओळ रिकामी राहिली तर ती बँकेकडून लिहून घ्या. नवरा-बायको दोघांनी हा कागद वाचावा आणि गावाकडे आई-वडिलांनाही समजावून सांगावा, कारण मुलानं परदेशात घर घेतलं म्हणजे त्याच्याकडे मोकळा पैसा आहे असा समज तिथे सहज होतो आणि पुढचे ताण तिथून सुरू होतात.

सहा महिन्यांचे हप्ते भरता येतील एवढी बचत बाजूला ठेवल्याशिवाय घर घेऊ नका. व्हिसावर असाल तर वर्षभराची ठेवा. आणि हे सगळं करून घर घेतलंत तर दर वर्षी थोडं जास्त फेडत राहा. तुमच्या मागून मंद्रूपकडून जो येईल त्याला तुमचा हा कागद, आकड्यांसकट, दाखवा.